दोन एकरांतली विनाशिका

तो पंचनामा मला अजून तोंडपाठ आहे. तेहतीस वर्षांच्या नोकरीत पंचनामे किती लिहिले याची मोजदाद नाही. फुटलेली कुलपे, मोडलेली कुंपणे, विहिरीची खोली, काठीची लांबी. लिहून झाले की विसरायचे, हे मी पहिल्याच वर्षी शिकलो होतो. पण हा एक पंचनामा लिहिताना मला एकीकडे हसू आवरत नव्हते आणि दुसरीकडे घाम फुटला होता, म्हणून तो विसरता आला नाही. यात कुणाचे नाव मी घेणार नाही. घेण्याची गरजही नाही.

त्या वेळी मी परभणी तालुक्यातल्या एका ग्रामीण ठाण्याचा फौजदार होतो. विद्यापीठाच्या नामांतराचा ठराव होऊन काही वर्षे उलटली होती, अंमलबजावणी मात्र झाली नव्हती. ठरावानंतर मराठवाड्यात काय घडले ते सर्वांना ठाऊक आहे. गावे वरून शांत दिसत, पण गाव आणि वस्ती यांच्यात मोकळे बोलणे उरले नव्हते. रस्त्याच्या कडेला कुणी चार दगड रचले तरी ते कुणी रचले आणि कशासाठी, याची नोंद आम्हाला स्टेशन डायरीत घ्यावी लागे. माझा स्वभाव मुळातच तापट. त्यात चैत्राचे ऊन, ठाण्यावर पत्रे, आणि एकुलता एक पंखा मुद्देमालाच्या कपाटावर वारा घालत होता.

अशा एका गुरुवारी सकाळची हजेरी आटोपून मी निनावी अर्ज चाळत बसलो होतो. पिंगळीच्या बाजूच्या एका गावचे पोलीस पाटील एसटीने आले. माणूस चांगला, पण कुणाची म्हैस हरवली हेसुद्धा खुर्ची जवळ ओढून कानात सांगायची त्यांची रीत. त्यांनी खुर्ची ओढली.

"साहेब, आमच्याकडं एकजण तीन दिसांपासून वावरात पांढऱ्या रेघा मारायलाय. इचारलं तर नुसता हसतो. सांगत न्हाई."

कसल्या रेघा, असे मी विचारले. पाटलांनी दोन्ही हात पसरले. शाळेच्या मैदानावर खेळासाठी फक्की मारतात तशी फक्की, जागोजागी खुंट्या, सुतळी. शेताच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत. काही रेघा सरळ, काही वळत गेलेल्या. रेघा मारणारा वस्तीवरच्या बौद्ध कुटुंबातला. वडील नव्हते, आई एकटी गावी. मुंबईला नौदलात नोकरीला असल्याचे तो सांगे आणि दहा दिवसांच्या रजेवर आला होता. वडिलांनी ठेवलेली दोन एकरांची लांबट पट्टी त्यांच्याकडे होती आणि तिच्या पलीकडे गावातल्या सर्वांत मोठ्या बागायतदाराचे शेत.

आमच्या भागात शेतात पांढरी रेघ दिसली की तिचा अर्थ एकच: सरकारची मोजणी. कालव्याची चारी येणार आणि जमीन जाणार. शेजारच्या त्या बागायतदारांनी तोच अर्थ काढला. सरकारी नोकरीतल्या या माणसाने वशिला लावून चारी त्यांच्या विहिरीवरून वळवली, असे त्यांच्या डोक्यात बसले. पारावर दुसरे मत होते, की वस्तीवाले तिथे मोठी इमारत बांधणार आहेत. तिसरे मत, कुणी मंत्री हेलिकॉप्टरने उतरणार आहे. मंत्री पिंगळीजवळच्या ज्वारीच्या धसकटात कशाला उतरेल, हे कुणी विचारले नाही.

बागायतदारांनी आपल्या बांधाकडच्या खुंट्या दोनदा उपटून टाकल्या होत्या. त्या माणसाने दोन्ही वेळा त्या मुकाट्याने पुन्हा ठोकल्या होत्या. पाटलांनी खिशातून बागायतदारांचा लेखी अर्ज काढला आणि तिसऱ्यांदा उपटल्या तर गोष्ट दोन माणसांत राहणार नाही, असे सांगितले. त्यांचे म्हणणे खरे होते. त्या वर्षांत बांधावरच्या भांडणाला गावाच्या वेशीपर्यंत यायला वेळ लागत नसे. मी डायरीत नोंद घेतली, दोन शिपाई गावात बंदोबस्ताला पाठवले आणि जमादारांना सांगितले, त्या माणसाला त्याच्या पेटीसकट घेऊन या.

दुपारी तो आला. तिशीचा, चष्मा, खिशाला दोन पेन्सिली. जमादार निजामाच्या काळात उर्दू शाळेत शिकलेले, माणसाची पारख माझ्याहून चांगली. ते हळूच म्हणाले, "साब, आदमी सीधा आहे. पण तोंड खोलत न्हाई." पेटीत कपड्यांच्या दोन जोड्या, मोजायची फीत, पट्ट्या, गोलाई काढायची साधने आणि एक वही. वहीत शब्द एकही नाही, नुसते आकडे, पानामागून पाने.

मी चौकशी सुरू केली. कुठे काम करतोस? मुंबईला, नौदलाच्या एका कचेरीत, आरेखक म्हणून. म्हणजे नकाशे काढतोस? हो. कशाचे? गप्प. शेतात काय काढलेस? गप्प. हे आकडे कसले? गप्प. कुणासाठी काढलेस?

"मायसाठी," तो म्हणाला.

ही माझी चेष्टा चालली आहे असे वाटून माझा पारा चढला. मी टेबलावर हात आपटला, दरडावले, नोकरी घालवीन म्हणालो. तो उभा राहिला आणि अगदी नरमाईने म्हणाला, "साहेब, मी सही करून कामाला लागलेला माणूस हाय. कामाचं बाहेर बोलायचं न्हाई, अशी सही हाय. तुमी मारलं तरी मला सांगता येत न्हाई. सोमवारी मला हजर व्हायचंय, एवढं बगा."

चौकशीला बसलेल्या माणसांचा मला तोवर बराच अनुभव होता. चोर पाणी मागतो आणि दाराकडे बघतो. खोटा साक्षीदार न विचारलेलेही सांगतो. हा बाकावर बसून समोरच्या भिंतीवरचा आमच्या ठाण्याच्या हद्दीचा नकाशा बघत होता आणि त्याच्या कपाळाला आठ्या पडत होत्या. शेवटी न राहवून त्याने जमादारांना विचारले, हा नकाशा कुणी काढला, याला प्रमाण दिलेले नाही आणि पिंगळी स्टेशन रुळांच्या भलत्याच बाजूला गेले आहे. तो नकाशा मी काढला होता. मी त्याला आणखी दोन तास बसवून ठेवले.

पण मनात पाल चुकचुकली होती. नौदल, नकाशे, आकड्यांची वही, तोंड न उघडणारा माणूस. शासकीय गुपिते कायद्याचे कलम मी आयुष्यात कधी लावले नव्हते, ते पुस्तकात काढून वाचले. तसा गुन्हा दाखल झाला तर हा माणूस त्याच दिवशी निलंबित होणार, हे उघड होते. दुसऱ्यांच्या शेतात खुरपून आईने शिकवलेला मुलगा, वस्तीवरून अशा नोकरीत गेलेला पहिला, हे मला पोलीस पाटलांनीच सांगितले होते. त्याला मी कोठडीत न घालता ठाण्यातच ठेवले, जमादारांच्या डब्यातले जेवण दिले, आणि शुक्रवारी सकाळी जागेच्या पंचनाम्याला निघालो.

पंच म्हणून गावच्या शाळेचे हेडमास्तर आणि पोस्टमन होते. बागायतदार आपल्या बांधावर उपरणे सावरत उभे होते. मागे निम्मे गाव. रेघा खरोखरच शेत भरून होत्या. एका टोकाला निमुळत्या, मध्ये रुंद, आत चौकोन, गोल, बारीक गल्ल्या. मधोमध एक लिंबाचे झाड, त्याच्या बुंध्याभोवतीही फक्कीचे कडे. लिंबाखाली पासष्टीची एक म्हातारी उभी होती. ती त्याची आई. तिने मुलगा कुठे आहे विचारले. तो ठाण्यात आहे, जेवला आहे, असे जमादारांनी सांगितले तेव्हा तिने मान हलवली.

मी पंचनाम्याचा कागद फळीवर लावला आणि रेघ ओलांडून आत निघालो.

"साहेब, तिकडून नका येऊ," ती घाईने म्हणाली. "तिकडं पाणी हाय. जिन्यानं या."

चाळीस अंशांच्या उन्हात, तडे गेलेल्या काळ्या मातीत माझा एक पाय हवेतच राहिला. मी काही बोलायच्या आत आमचे जमादार मुकाट्याने वळले, वीस पावले चालून रेघेतली एक फट शोधली आणि तिथून आत शिरले. मग पंचही त्यांच्या मागून गेले. मग मीही गेलो. एकट्याने पाण्यात उभे राहणे बरे दिसले नसते.

आणि त्या बाईने आम्हाला जहाज दाखवायला सुरुवात केली.

दार आले की ती पाय उचलून टाकायची आणि आम्हालाही तसे करायला लावायची, कारण जहाजाच्या दाराचा उंबरा उंच असतो, पाणी आत येऊ नये म्हणून. हे सैपाकघर, तीनशे माणसांचे. इथे निजायच्या फळ्या, एकावर एक तीन. हेडमास्तरांनी आडवे होऊन रुंदी पाहिली आणि कूस बदलता येणार नाही असे मत दिले. लिंबाचे झाड म्हणजे मधला खांब, त्यावर लांबचे बघणारे यंत्र. ही कप्तानाची खोली, इथे पायताण घालून यायचे नाही. हा नियम नौदलाचा होता की तिचा, ते मला अजून कळलेले नाही. पण आम्ही सगळ्यांनी, पोलिसांच्या बुटांसकट, पायताणे बाहेर काढली.

मग ती आठ चौकोनांपाशी थांबली. "हे बाण," ती म्हणाली. "सादे न्हाईत. नेम धरून एकदा सोडला की मागं बघत न्हाई. आपली आपण वाट काढीत जातो आन् दुश्मनाचं जहाज जिथं आसंल तिथं गाठतो. असल्या जहाजाला विनाशिका म्हणत्यात. अजून झालेली न्हाई बरं का ही, कागदावरच हाय. पाण्यात उतरायला लय वर्षं लागत्यात."

पोस्टमनने कौतुकाने विचारले, बाण एकूण किती? मी त्याच्यावर खेकसलो. माझ्या हातातले पेन थांबले होते. त्या बाईचे प्रत्येक वाक्य म्हणजे तिच्या मुलाविरुद्धचा पुरावा होता, दोन पंचांसमक्ष, आणि ती तो इतक्या आनंदाने देत होती की तिला गप्प बसवायचे माझ्या जिवावर आले. नुसती योजना असलेली, अजून बांधायलाही न घेतलेली युद्धनौका, तिच्या क्षेपणास्त्रांच्या जागा, आणि बघायला निम्मे गाव.

माझे तोंड पाहून तीच थांबली. "साहेब, मी काय वंगाळ बोलले का?"

मी तिला सरळ सांगितले. हे सरकारी गुपित असेल तर तुमच्या मुलाची नोकरी राहणार नाही, तुरुंगही होऊ शकतो. ती मटकन खाली बसली नाही की रडली नाही. पदर खोचून माझ्यासमोर आली.

"मग माझा जबाब लिवा. जहाज मी मागितलं. अकरा वर्षं झाली पोराला तिकडं. गाव म्हणतं, झाडू मारीत आसंल. मी म्हणलं, तू काय काढतो ते दाव. तर कागद कचेरीच्या भाईर आणता येत न्हाईत म्हणला. मी म्हणलं, कागद मला कुठं वाचता येतोय? केवढं हाय तेवढं दाव, म्हंजी झालं. हट्ट माझा हाय साहेब. अंगठा कुठं लावू?"

बागायतदार उपरण्याने मान पुसत होते. झाडूची गोष्ट गावात कुणाच्या तोंडून निघाली असावी, ते मला न विचारता कळले. मग त्यांनी घसा साफ केला आणि विचारले, "बाई, आन् आमच्या बांधाकडं हाय ते काय हाय?"

"नाक हाय, मालक. त्यानं पाणी कापीत जातंय."

"म्हंजी कालवा न्हाई?"

"कालव्यात कसं मावंल ते," ती म्हणाली.

आधी जमादार हसले, मग हेडमास्तर, मग बागायतदारांनाच हसू फुटले आणि ते बांधावर खाली बसून हसले. तीन दिवस ज्याच्यावरून काठ्या निघायच्या बाकी होत्या, ते भांडण तिथेच संपले. माझे मात्र संपले नव्हते. मी फीत लावून लांबी घेतली, रुंदी घेतली, चौकोनांच्या जागा टिपल्या आणि पंचांच्या सह्या घेतल्या. म्हातारीचा अंगठाही घेतला, नाहीतर तिने मला शेताबाहेर पडू दिले नसते.

वरिष्ठांचे मत स्वच्छ होते: गुन्हा दाखल करून मोकळे व्हा. मी पहिल्यांदाच वरिष्ठांशी वाद घातला. जहाज कोणाचे, हे जहाजवाल्यांना विचारल्याशिवाय गुन्हा कसला दाखल करायचा? एक दिवस द्या, म्हणालो. त्यांनी शनिवार दुपारपर्यंतची मुदत दिली. विशेष शाखेमार्फत मुंबईला बिनतारी संदेश गेला, ट्रंककॉल नोंदवला. मी ठाण्यातून हललो नाही. तो माणूस बाकावर बसून होता. त्याला मी आईच्या जबाबाबद्दल सांगितले तेव्हा त्याने चष्मा काढला, पुसला आणि पुन्हा घातला. तासाभराने म्हणाला, साहेब, बसून कंटाळा आलाय, तुमचा नकाशा नीट करून देऊ का? मी म्हणालो, कर. त्याने पिंगळी स्टेशन रुळांच्या खऱ्या बाजूला आणून ठेवले.

शनिवारी अकराच्या सुमारास फोन आला. पलीकडे नौदलाच्या सुरक्षा विभागाचे अधिकारी, आवाज कोरा. मी पंचनामा वाचून दाखवला. लांबी सांगितली. त्यांनी ती पुन्हा विचारली. रुंदी. क्षेपणास्त्रांची जागा. लिंबाच्या झाडाचे अंतर. 

"फौजदार," ते म्हणाले, "हे जहाज आमचे नाही."

मी म्हणालो, म्हणजे दुसऱ्या देशाचे?

"कुणाचेच नाही. एवढ्या लांबीला एवढी रुंदी ठेवली तर ते सरळ चालणार नाही. आणि बाण तुम्ही सांगता तिथून सोडले तर पहिल्याच खेपेला कप्तानाची खोली उडेल. आमचा आरेखक असे काढायचा नाही. म्हणजे ते त्याने मुद्दाम काढले आहे." आता त्या कोऱ्या आवाजात हसू होते. रेघा आजच मोडा, वही सील करून आमच्याकडे पाठवा, आणि त्याला सोमवारी हजर व्हायला सांगा. लेखी पत्र मागून येईल.

फोन ठेवून मी त्याला समोर बोलावले आणि विचारले, आईला खोटे जहाज दाखवलेस?

इतक्या वेळात पहिल्यांदाच त्याची मान खाली गेली. "खरं दावता येत न्हाई साहेब, आन् काहीच न दावता माघारी जाता येत न्हव्हतं. वावर जेवढं हाय तेवढं जहाज काढलं. बाण कुठंतरी ठिवले. वहीतले आकडे बी ह्याच जहाजाचे."

"अरे, मग हे पहिल्याच दिवशी सांगायचे. लगेच सुटला असतास."

"हे खोटं हाय म्हणलो असतो, तर खरं कसं हाय ते तुमी इचारलं असतं."

मी नक्कीच विचारले असते. टेबलावर हात आपटून विचारले असते.

"एक करा साहेब," तो म्हणाला. "मायला कळू देऊ नका."

मी शब्द दिला. मग आम्ही दोघे जीपने गावाकडे निघालो. रस्ताभर मी हसत होतो आणि ड्रायव्हर मला आरशातून बघत होता.

रेघा मोडायचा हुकूम होता, पण किती वाजता मोडायच्या याचा नव्हता. "पंचनाम्याची फेरतपासणी" असे कारण डायरीत लिहून मी एक तास दिला. त्या तासात सबंध गाव जहाजावरून फिरून आले. पुढे म्हातारी, मागे ओळ. वस्तीवरच्या बाया, गावातल्या बाया, हेडमास्तरांची अख्खी शाळा. कुणी रेघ ओलांडून मधूनच घुसले की ती त्याला परत पाठवायची. कप्तानाच्या खोलीबाहेर पायताणांचा ढीग पडला होता. त्या वर्षांत गाव आणि वस्ती एका रांगेत उभी असलेली मी दुसरीकडे कुठे पाहिली नाही, आणि इथे ती कुणाच्या सांगण्याने उभी राहिली नव्हती. मला भरून आले होते, हे लिहायला मला लाज वाटत नाही.

तास संपला. माय-लेकांकडे बैल नव्हते. बागायतदारांनी स्वतःची खिल्लारी जोडी आणि वखर आणला. वखर घालण्याआधी ते त्या निमुळत्या टोकापाशी उभे राहिले आणि मुलाला म्हणाले, "जागा कमी पडली व्हय रे? नाक आखूड दिसतंय. आधी सांगितलं असतंस तर आमच्यातली चार तासं घेतली असतीस की." तासं म्हणजे नांगराच्या रेघा. माणूस मनापासून बोलत होता. आदल्या बुधवारी त्यांनीच याच जागेवरून खुंट्या उपटल्या होत्या.

मुलाने माझ्याकडे बघितले, मी त्याच्याकडे. जहाज आणखी लांब, म्हणजे खऱ्याच्या जवळ गेले असते तर काय झाले असते, ते तिथे आम्हा दोघांनाच ठाऊक होते. "नको मालक," तो म्हणाला, "हाय ते बरं हाय." बैल चालले आणि अर्ध्या तासात विनाशिका काळ्या मातीत गेली. रविवारी त्याने परभणीहून गाडी पकडली आणि मनमाडला गाडी बदलून सोमवारी तो वेळेवर हजर झाला. बागायतदारांच्या अर्जावर मी शेरा मारला: अर्जदाराची तक्रार उरली नाही, चौकशी बंद.

त्यानंतर सात-आठ वर्षे गेली. बदल्या होत होत मी निरीक्षक म्हणून पुन्हा परभणीला आलो होतो. एके दिवशी दुपारी शिपायाने सांगितले, एक म्हातारी भेटायला आली आहे, काम सांगत नाही. ती तीच होती. हातात पेढ्यांचा पुडा. जहाज पाण्यात उतरवले होते आणि त्या दिवशी काम करणाऱ्यांच्या घरच्यांना बोलावले होते. मुलगा तिला मुंबईला घेऊन गेला होता. बँड वाजला, नारळ फुटला, एवढे मोठे लोखंड पाण्यात कसे सरकले, ते तिने हातवारे करून सांगितले. मग तिने दाराकडे पाहिले, खुर्ची जवळ ओढली आणि आवाज खाली आणला.

"साहेब, मी मोजलं. वावरात या टोकापासून त्या टोकापर्यंत किती पावलं व्हतात, ते माझ्या ध्यानात हाय. तिथं पाण्यात सोडायच्या आधी समद्यांना बाजूनं फिरवलं. मी मोजीत चालले. लय जास्ती भरली."

तिने दोन्ही आकडे सांगितले. ते मी इथे लिहीत नाही.

मला वाटले, तिला वाईट वाटले असेल. मुलाने आपल्याला खोटे सांगितले, हे तिला एवढ्या वर्षांनी, एवढ्या आनंदाच्या दिवशी समजले होते. मी काहीतरी समजूत घालायला गेलो. पण ती हसत होती, पदर तोंडाला लावून, एखाद्या पोरीसारखी.

"मी हट्ट धरला तरी बोलला न्हाई बगा. मायपाशी बी न्हाई. असा निघाला माझा पोरगा." आणि मग म्हणाली, "त्याला म्या सांगितलं न्हाई, मला कळलं म्हून. त्याला वाटू द्या, मायनं खरं जहाज बगितलं. तुमी बी सांगू नका."

मी दुसऱ्यांदा शब्द दिला.

पोलिसाच्या नोकरीत गप्प बसलेला माणूस म्हणजे काहीतरी दडवणारा माणूस, असे आम्हाला शिकवतात, आणि बहुतेक वेळा ते खरेच असते. त्या प्रकरणानंतर मी एक सवय लावून घेतली. माणूस गप्प बसला की टेबलावर हात आपटण्याआधी तो कुणासाठी गप्प आहे, ते आधी शोधायचे. स्वतःसाठी गप्प बसणारे शेकडो भेटले. दुसऱ्यासाठी गप्प बसणारे थोडे, आणि त्यातल्या एकाला मी आणखी अर्ध्या दिवसात गुन्हेगार ठरवून बसलो असतो. ही गोष्ट मी नव्या फौजदारांना सांगत आलो, जहाजाचा भाग वगळून.

तो आता निवृत्त झाला आहे. माय तर केव्हाच गेली. जाईपर्यंत ठणठणीत होती आणि शेवटपर्यंत गावाला जहाजाच्या गोष्टी सांगत होती, असे कळले. हे छापून आल्यावर तिला सगळे कळले होते, हे त्यालाही कळेल. दोन माणसांना दिलेले दोन शब्द मी आज एकदमच मोडतो आहे. अंगावर वर्दी होती तोवर मात्र ते दोन्ही पाळले, एवढे माझ्या बाजूने सांगण्यासारखे आहे.